चित्रकार घरात कोंडला, तेव्हा

इंग्लंडात बँक्सी नावाचा एक चित्रकार आहे. हे त्याने घेतलेले नाव. आपण खरे कोण, ते त्याने स्वतः कधी सांगितलेले नाही. तो रस्त्याकडेच्या भिंतींवर चित्रे काढतो, बहुधा कुणाला न विचारता. दुसऱ्याची भिंत अशी रंगवावी हे आम्हांला पटत नाही. पण त्याचा हात मात्र नामी!

न विचारता करायचे, म्हणजे झटपट उरकले पाहिजे. आडतीच्या दुकानात पोत्यावर नाव कसे उठवतात? पत्र्यात अक्षरे कापतात, पत्रा पोत्यावर धरतात, वरून रंग फिरवतात. बँक्सीची रीत तीच. आकार घरीच कापून न्यायचा, भिंतीला लावायचा, रंग फवारायचा आणि पसार व्हायचं. उंदीर काढायची त्याला भारी हौस.

२०२० साली करोनाची साथ आली. २३ मार्चला तिकडच्या सरकारने लोकांना घरात राहायला सांगितले. आता ज्याची पाटीच रस्त्यावर, त्याने काय करावं?

त्याने न्हाणीघर धरले! एप्रिलमध्ये त्याने तिथले फोटो लोकांना दाखवले. नऊ उंदीर आणि त्यांचा नुसता धुडगूस. आरसा वाकडा झालेला. एक जण पेस्टच्या नळीवर पडलाय, पेस्ट भिंतीभर उडाली आहे. एक कागदाच्या गुंडाळीवर धावतोय. (तिकडे शौचाला पाण्याऐवजी कागद वापरतात.) आणि एक उंदीर, तुरुंगातला कैदी मोजतो तसा, रेघा मारून दिवस मोजतोय. उंदीर रंगाचे, पण आरसा, नळी, गुंडाळी खरी. रस्त्यावर खांब, नळ, भिंतीची चीर जे हाताशी येई, ते तो चित्रात घेई. इथे घरातले सामान घेतले. कोंडलेपण हाच विषय झाला. खाली त्याने गमतीने लिहिले, की मी घरी काम करतो ते बायकोला आवडत नाही.

मे महिन्यात साउदॅम्प्टनच्या इस्पितळात त्याचे एक चित्र लागले. हे कापडावरचे. रस्ते ओस होते, पण इस्पितळात माणसांची ये-जा होतीच. सोबत तिथल्या लोकांचे आभार मानणारी चिठ्ठी. चित्रात एक पोरगा खेळतोय. बॅटमॅन आणि स्पायडरमॅन ही पराक्रमी बाहुली टोपलीत टाकलेली, आणि हातात नर्सची बाहुली! तोंडाला मुसके, पाठीवर झूल, हात पुढे करून ती उडायला निघालेली. मार्च २०२१ मध्ये या चित्राला लिलावात १ कोटी ६० लाख पौंडांहून जास्त किंमत आली. तो पैसा आरोग्यसेवेच्या कामाला दिला, आणि इस्पितळात चित्राची नक्कल ठेवली.