रेणू सलुजा : कात्रीमागचा अदृश्य हात

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलनाची विद्या संपादन केलेल्या रेणू सलुजा यांचे नाव किती प्रेक्षकांच्या स्मरणात असेल, याची मला शंकाच आहे. आणि संकलकाची कात्री जितकी कुशल तितकी ती अदृश्य राहते, हे ध्यानी घेतले म्हणजे या विस्मृतीचा फारसा विस्मयही वाटत नाही.

१९८३ सालच्या केवळ दोन चित्रपटांचा दाखला घ्यावा. ‘जाने भी दो यारों’मध्ये महाभारताच्या रंगमंचावर प्रेताची ओढाताण चालू असता, प्रत्येक प्रवेश आणि प्रत्येक प्रत्युत्तर नेमक्या क्षणी येऊन हास्याची जी लाट उसळते, तिची लय ज्या हातांनी साधली, त्याच हातांनी, तेंडुलकरांची पटकथा लाभलेल्या ‘अर्धसत्य’मध्ये, फौजदार वेलणकराची घुसमट प्रेक्षकाच्या छातीवर दडपण येईपर्यंत वाढवीत नेली. विनोदात अर्ध्या क्षणाचाही विलंब परवडत नाही. ‘अर्धसत्य’सारख्या चित्रपटात उलट मौन पुरेसे लांबू द्यावे लागते. (पहिले काम अधिक अवघड, असे माझे प्रामाणिक मत.)

पुढे ‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’ या परस्परांशी सुतराम साम्य नसलेल्या चित्रपटांसाठी त्यांना चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. ‘बॅंडिट क्वीन’ही त्यांच्याच संकलनाचा. २००० साली, अवघ्या अठ्ठेचाळिसाव्या वर्षी, त्यांचे निधन झाले. ‘परिंदा’ पुन्हा पाहाल तेव्हा कबुतरांच्या फडफडाटातला तो खून तेवढा दोनदा पाहा, आणि दुसऱ्यांदा नटांकडे नव्हे, जोडांकडे लक्ष ठेवा.