रिकाम्या पाकिटाचं ओझं

सह्याद्रीत दोन दिवस भटकायचं, तर दशम्या, शेंगदाण्याची चटणी आणि गुळाचा खडा फडक्यात बांधला की आमचं भागतं. हिमालयातल्या वीस दिवसांच्या मोहिमेला मात्र ते फडकं पुरत नाही. तिथं प्रत्येक ग्रॅम कुणाच्या तरी पाठीवरून चढणार असतो. डबा टिकाऊ खरा, पण त्याचा पत्रा काही खाता येत नाही! म्हणूनच १९५३च्या ब्रिटिश एव्हरेस्ट मोहिमेनं वरच्या छावण्यांचा शिधा हवा काढून घेतलेल्या पाकिटांतून नेला.

पुढे रिटॉर्ट पाऊच आला. आपल्याकडे म्हैसूरच्या संरक्षण अन्न संशोधन प्रयोगशाळेनं जवानांसाठी पुलाव, राजमा असे पदार्थ त्यात बसवले. बाहेर पॉलिएस्टर, मध्ये ॲल्युमिनियमचा वर्ख, आत पॉलिप्रॉपिलीन. वर्ख हवा, ओल आणि उजेड अडवतो. आतला थर उष्णतेनं चिकटून तोंड बंद करतो. भरलेलं पाकीट दाबाखाली सुमारे १२१ अंशांवर तापवलं, की अन्न महिनोन्‌महिने टिकतं.

पण त्यात पाणीही वाहावं लागतं. गोठवून सुकवलेलं अन्न त्याहून कितीतरी हलकं. मात्र ते भिजवायला बर्फ वितळवावा लागतो आणि त्यासाठी रॉकेल किंवा गॅस वाहावा लागतो. मोहिमेचा शिधा ठरवताना आम्ही हा हिशेब कागदावर मांडतो. वाटेत ओढा असेल तर सुकं अन्न, नुसता बर्फच असेल तर इंधन धरून बेरीज.

एक आकडा मात्र या कागदावर सहसा नसतो : रिकाम्या पाकिटांचा. तीन थर एकमेकांना घट्ट चिकटलेले, त्यामुळे त्यांचा पुनर्वापर अवघड. जाळलं तर प्लॅस्टिकचा विषारी धूर होतो आणि वर्ख मागे उरतोच. बर्फात काही कुजतही नाही. जाताना ग्रॅम-ग्रॅम मोजणारेच परतताना म्हणतात, ‘एवढ्याशा पाकिटानं काय होतंय?’ अखेर नेपाळला २०१४ साली एव्हरेस्टच्या प्रत्येक गिर्यारोहकानं आठ किलो कचरा खाली आणावा, असा नियम करावा लागला.

माझं म्हणणं साधं आहे. बाहेरची खोकी घरीच काढून ठेवा, पाकिटं मोजून न्या आणि मोजूनच परत आणा. आतलं अन्न पोटात गेलेलं असतं; उरलेले चार ग्रॅम उचलायला हमाल कशाला हवा?