नाशिकच्या तुरुंगात सुचलेला पक्ष आणीबाणीनंतर कुठे गेला?

1930 च्या दशकाच्या सुरुवातीला नाशिकरोडच्या मध्यवर्ती कारागृहात ब्रिटिशांनी काही तरुण राजकैद्यांना डांबलं होतं. जयप्रकाश नारायण, अच्युत पटवर्धन, मिनू मसानी, ना. ग. गोरे ही त्यातली काही नावं. तिथल्या चर्चांमधून समाजवादी गटाची कल्पना पुढे आली आणि 1934 मध्ये काँग्रेसच्या आतच 'काँग्रेस समाजवादी पक्ष' स्थापन झाला. मार्च 1948 मध्ये समाजवाद्यांनी काँग्रेसमधून बाहेर पडायचं ठरवलं, तेही नाशिकच्याच अधिवेशनात.

मात्र 1977 मध्ये देशात लोकशाही परतत असताना समाजवादी पक्षाने स्वतःचंच विसर्जन केलं.

पक्ष का विसर्जित केला?

समाजवाद्यांचं बळ कमी होतं. 1971 च्या लोकसभा निवडणुकीत त्यांच्या दोन पक्षांना मिळून फक्त 5 जागा मिळाल्या होत्या. जून 1975 मध्ये आणीबाणी लागली आणि अनेक समाजवादी नेते तुरुंगात गेले. 18 जानेवारी 1977 ला इंदिरा गांधींनी अचानक निवडणूक जाहीर केली. विरोधक वेगवेगळे लढले असते तर मतं फुटून काँग्रेसचाच फायदा झाला असता. विरोधकांनी एकच पक्ष करावा, असा जयप्रकाश नारायण यांचा आग्रह होता. त्यातून समाजवादी, जनसंघ, संघटना काँग्रेस आणि भारतीय लोकदल यांचा जनता पक्ष उभा राहिला.

मिळालं काय, गमावलं काय?

जनता पक्षाला 295 जागा मिळाल्या. मधु दंडवते आणि जॉर्ज फर्नांडिस मंत्री झाले. 1978 च्या 44 व्या घटनादुरुस्तीने 'अंतर्गत अशांतता' हे आणीबाणीचं कारण काढून त्याजागी 'सशस्त्र बंड' हे शब्द आणले. जगण्याचा हक्कही आणीबाणीत स्थगित करता येणार नाही, अशी तरतूद झाली.

पण एकत्र येण्यामागचं समान कारण संपताच मतभेद उफाळले. जनसंघातून आलेल्यांनी राष्ट्रीय स्वयंसेवक संघाशी नातं ठेवावं का, या 'दुहेरी सदस्यत्वा'च्या वादात मधु लिमये आघाडीवर होते. 1979 मध्ये सरकार कोसळलं. 1980 मध्ये जनसंघाच्या मंडळींनी भारतीय जनता पक्ष काढला. समाजवादी मात्र वेगवेगळ्या गटांत विखुरले.

इतरत्र काय झालं?

मुसोलिनीविरुद्ध लढलेल्या इटलीच्या 'अ‍ॅक्शन पार्टी'चे नेते फेरुच्चो पार्री 1945 मध्ये पंतप्रधान झाले. 1946 च्या निवडणुकीत मात्र या पक्षाला जेमतेम दीड टक्का मतं मिळाली आणि 1947 मध्ये तो विसर्जित झाला. त्याचे लोक इतर पक्षांत गेले.

हुकूमशाहीविरुद्धच्या लढ्यात अशा छोट्या पक्षांच्या शब्दाला वजन असतं, कारण त्यांच्या नेत्यांनी तुरुंगवास सोसलेला असतो. निवडणुकीत मात्र गावोगावची संघटना लागते. जनसंघाच्या लोकांकडे विलीनीकरणानंतरही ती शाबूत होती. समाजवाद्यांकडे ती आधीच तुटपुंजी होती, आणि विलीनीकरणात पक्षाचं नावही गेलं.