पाण्याची नळी आणि बर्फाचा सुरा

लुमिएर बंधूंच्या १८९५ सालच्या एका छोट्या चित्रपटात पोरगा माळ्याच्या नळीवर पाय देतो, पाणी थांबतं, माळी नळीच्या तोंडात डोकावतो आणि पोरगा पाय उचलतो. हसू फुटतं ते फवारा उडण्याआधीच, कारण माळ्याला ठाऊक नसलेलं आपल्याला दिसत असतं. मूक विनोदाचं मर्म हेच! मद्रासच्या सिनेमात मुरलेल्या सिंगीतम श्रीनिवास राव आणि कमल हासन यांनी १९८७ साली याच जोरावर ‘पुष्पक’ हा अख्खा चित्रपट संवादाविना उभा केला. त्यातला मारेकरी बर्फाचा सुरा वापरतो. सुरा वितळतो, ही त्याची सोय आणि हीच त्याची पंचाईत. समजावून सांगायला एक शब्द लागत नाही.

कुणी म्हणेल, यात आवाज आहेत, मग मूकपटाशी नातं कसलं? आवाज आहेतच. आलिशान हॉटेलच्या शांततेत नायकाला झोप येईना, म्हणून तो वस्तीतला गोंगाट टेप करून आणतो. पण तो गोंगाट संवादाचं काम करत नाही, माळ्याच्या नळीसारखी हाताळायची वस्तू होतो. शिवाय जुने मूकपटही वाद्यांच्या साथीनेच दाखवले जात. तमिळमध्ये ‘पुष्पक’चं नाव ‘पेसुम पडम’, म्हणजे बोलणारं चित्र. मला ते अगदी नेमकं वाटतं: चेन्नईत आणि पुण्यात, डबिंगविना, तोच प्रसंग तसाच कळतो.