मितींची मोजणी

समांतर मितींचा नकाशा काढणारे यंत्र कथाकाराच्या कारखान्यात तयार होते तेव्हा काचेच्या नळ्या, पितळी तबकड्या, निळसर ठिणग्या आणि केस विस्कटलेला एखादा प्राध्यापक, एवढा सरंजाम त्याच्याभोवती हटकून असतो, डॉ. जयंत नारळीकरांनी मात्र ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत, मराठे विजयी झालेल्या इतिहासात आपल्या प्राध्यापकांना पोहोचवण्यासाठी कोणतेही यंत्र न योजता एका ट्रकच्या धडकेवर काम भागवले, आणि हे कथाचातुर्याइतकेच शास्त्रीय सावधपणाचेही लक्षण मानावे लागेल. कारण ह्यू एव्हरेट यांनी १९५७ मध्ये पुंजयामिकीचा जो अन्वयार्थ मांडला, त्यातील शाखा एकदा विभक्त झाल्या की परस्परांशी व्यवहार जवळजवळ सोडूनच देतात. तेथे मोजणीदार धाडण्याची सोय नाही. अधिक मितींचे प्रकरण निराळे आहे. मिती ही एक दिशा आहे, आणि दिशा कितीही चिमुकली असली तरी तिची लांबी मोजू पाहणे हा प्रयोगशाळेच्या अखत्यारीतला विषय ठरतो.

कोनिग्सबर्गचे गणितज्ञ थिओडोर कालुझा यांनी १९१९ मध्ये आइन्स्टाइन यांना कळवलेली आणि १९२१ मध्ये छापून आलेली कल्पना अशी की, अवकाशाला आणखी एक मिती मानल्यास गुरुत्वाकर्षण आणि विद्युच्चुंबकत्व एकाच समीकरणसमूहात नांदू शकतात. ती मिती दिसत का नाही याचा खुलासा १९२६ मध्ये स्वीडनच्या ऑस्कर क्लाइन यांनी केला, तो हा की ती स्वतःभोवती इतकी आवळून गुंडाळलेली आहे की तिचा घेर कोणत्याही सूक्ष्मदर्शकाच्या आवाक्यात येणार नाही. ही मीमांसा मनोहर होती, परंतु तिने प्रयोगकर्त्याच्या हाती काहीच दिले नाही. पुढे १९९८ मध्ये अर्कानी-हामेद, दिमोपुलोस व द्वाली या त्रयीने, द्रव्य आणि प्रकाश आपल्या तीन मितींत कोंडलेले असले तरी गुरुत्वाकर्षणाला बाहेर मोकळीक असू शकते आणि तसे असेल तर या मिती जवळजवळ मिलिमीटरभर रुंद असण्यासही हरकत नाही, असे प्रतिपादन केले तेव्हा एक विलक्षण गोष्ट ध्यानात आली, ती म्हणजे मिलिमीटरहून बऱ्याच लहान अंतरावर न्यूटनचा नियम खरोखर लागू पडतो याचा समाधानकारक दाखला कोणाच्याही दप्तरी नव्हता. ग्रहांच्या कक्षा बिनचूक वर्तवणाऱ्या नियमाची ही उणीव इतकी वर्षे कोणाला फारशी टोचली नाही, याचे प्रस्तुत लेखकास आजही नवल वाटते.

तपासणीचे तत्त्व मात्र सरळ आहे. तीन मितींत गोलाचे पृष्ठफळ त्रिज्येच्या वर्गाने वाढते, म्हणून पसरत जाणारे आकर्षण अंतराच्या वर्गाने क्षीण होते; आणखी दोन मिती उपलब्ध असतील, तर त्यांच्या घेराहून कमी अंतरावर तेच आकर्षण चौथ्या घाताने बदलेल, म्हणजे अंतर निम्मे करताच बल चौपट न होता सोळापट होईल.

हे पाहण्यासाठी सिएटल येथील वॉशिंग्टन विद्यापीठातील संशोधकांनी जे साधन उभारले, त्याची वंशावळ हेन्री कॅव्हेंडिश यांच्या १७९८ च्या पीळतराजूपर्यंत आणि बुडापेस्टचे लोरांड योट्व्होश यांच्या अतिसूक्ष्म तराजूपर्यंत जाते. २००७ च्या प्रयोगात केसाहून बारीक अशा टंग्स्टनच्या तारेला मॉलिब्डेनमचे, बेचाळीस छिद्रे पाडलेले एक कडे टांगलेले होते. (तारेचे उदाहरण क्लाइन यांच्या कामी आले असते: दुरून ती केवळ रेषा, पण जवळून पाहता तिलाही घेर आहेच.) खाली तशीच सच्छिद्र चकती मंद गतीने फिरते, छिद्रांखाली कधी धातू येतो, कधी पोकळी, आणि त्या फेरबदलाने वरचे कडे किंचित पिळले जाते, तो पीळ आरशावरून परतणारा प्रकाशकिरण टिपतो. यातली खरी खुबी पुढेच आहे. फिरत्या चकतीच्या खाली आणखी एक जाड चकती बसवून तिची छिद्रे मुद्दाम अशी सरकवलेली असतात की न्यूटनच्या हिशेबाने येणारा पीळ बहुतांशी वजा व्हावा. जाड चकती दूर असल्यामुळे अल्प पल्ल्याच्या बलाला मात्र ती रद्द करू शकत नाही, म्हणून काही नवे असेलच तर ते उघडे पडावे. मध्ये ताणून बसवलेला धातूचा पातळ पडदा विद्युत्-बलांना अटकाव करतो, कारण त्यांच्या तुलनेत गुरुत्वाकर्षण अगदीच दुबळे असते.

२००७ चा निकाल असा लागला की छपन्न मायक्रोमीटरपर्यंत न्यूटनचा नियम अबाधित आहे आणि अधिक मिती असलीच तर ती चव्वेचाळीस मायक्रोमीटरहून मोठी नाही. २०२० मध्ये याच गटाने प्लॅटिनमच्या पत्र्यावर नवी नक्षी कोरून ही हद्द तीस मायक्रोमीटरपर्यंत मागे रेटली. सारख्याच आकाराच्या दोन मिती मानणाऱ्यांवर तर आकाशानेच अधिक कडक बंधन घातले आहे, कारण १९८७ साली दिसलेल्या अतिनवताऱ्याची ऊर्जा त्या मितींत झिरपून गेली असती, तर त्याचे न्यूट्रिनो कित्येक सेकंद येत राहिले नसते. जमिनीवरच्या मोजणीदारांची अडचण आता वेगळीच आहे: पृष्ठभाग एकमेकांच्या आणखी जवळ आणावेत, तर धातूवर विखुरलेले विद्युत्-विभवाचे बारीक डाग पडद्याच्या बंदोबस्तालाही दाद देत नाहीत, आणि सध्या प्रत्येक मायक्रोमीटरची लढत गुरुत्वाकर्षणाशी कमी आणि या डागांशी अधिक चाललेली आहे.