जिंकणारा संघ कां मोडला ?

२०१० सालची गोष्ट. मी बीड जिल्ह्यांत शाळामास्तर होतों. वर्गांतील एका मुलानें विचारलें, "गुरुजी, हरणारा संघ मोडतो हें समजतें, पण जिंकणारा कसा मोडतो?" मुंबईचा महिंद्रा युनायटेड हा फुटबॉल संघ बंद होणार, ही बातमी त्यानें वाचली होती. आमचा जिल्हा कुस्तीचा. फुटबॉल आम्हांस नांवापुरता ठाऊक. त्या दिवशीं मला नीट उत्तर देतां आलें नाहीं.

मुंबईंत रोव्हर्स चषकाचे सामने १८९१ पासून होऊं लागले. पुढें टाटा, मफतलाल, ऑर्के मिल्स अशा कंपन्यांनीं आपापले संघ उभारले. खेळाडूला कंपनींत नोकरी मिळे आणि पाय थकल्यावरहि चूल पेटती राही. महिंद्रा अँड महिंद्रा कंपनीनें १९६२ सालीं काढलेला संघ याच परंपरेंतला. १९९६ सालीं राष्ट्रीय लीग सुरू झाली आणि चित्र पालटलें. देशभर प्रवास, परदेशी खेळाडू, करारानें ठरलेलें वेतन ! नोकरदार खेळाडू मागें पडून धंदेवाईक खेळाडू पुढें आला. २००० सालीं संघाचें नांवहि महिंद्रा युनायटेड झालें.

यश भरपूर मिळालें. ड्युरँड चषक १९९८, २००१ व २००८ असा तीनदां. फेडरेशन चषक २००३ व २००५ सालीं. गोव्याचे डेरिक परेरा प्रशिक्षक असतांना २००५-०६ ची राष्ट्रीय लीगहि संघानें जिंकली. ही लीग एकंदर ११ हंगाम चालली. तींत महाराष्ट्राच्या वांट्यास आलेलें हें एकमेव विजेतेपद.

मग मोडला कां ? शाहूमहाराजांनीं कोल्हापुरास खासबाग मैदान बांधविलें, मल्लांना खुराक दिला. परंतु मल्लाचें बळ आणि मल्लाचा खुराक या दोन निराळ्या गोष्टी आहेत. संस्थानें गेलीं तेव्हां मल्लांचें बळ कांहीं एका रात्रींत ओसरलें नव्हतें. आटला तो आश्रय. या संघाचेंहि तसेंच. त्याचा खर्च कंपनीच्या तिजोरींतून चाले, तिकिटांवर तो भागण्यासारखा नव्हता. कूपरेज मैदानहि त्याच्या मालकीचें नव्हतें. कोलकत्याच्या मोहन बागानलाहि पुरस्कर्ते लागतातच, पण पुरस्कर्ता गेला तरी सभासद आणि पिढ्यान्पिढ्यांचे अनुयायी उरतात. येथें मालक तोच पुरस्कर्ता. त्यानें हात आंखडतां मागें कोणी उरलें नाहीं.

कंपनीनें यापुढें शालेय फुटबॉलकडे लक्ष देण्याचें ठरविलें. मास्तर या नात्यानें मीं त्याला नांवें कशीं ठेवावीं ? तरी शाळेंतल्या पोरानें खेळून पुढें कोठें जावयाचें, हा प्रश्न राहतोच. २००९-१० चा हंगाम संपला आणि खेळाडू दुसऱ्या संघांच्या दारीं गेले. पुढच्याच वर्षीं, म्हणजे २०११ सालीं, राष्ट्रीय लीगचा पहिला विजेता, पंजाबचा जेसीटी संघ, हाहि त्याच्या कंपनीनें बंद केला.