दौलताबादी कागद व त्याची पारख

नांदेड-लातूरकडील पोथ्या व दप्तरें मिळविणाऱ्यांची दृष्टि प्रथम अक्षरावर जाते, मग मितीवर. कागदाकडे ती क्वचितच वळते. वस्तुतः जेथें मितीचा भरंवसा नाहीं, तेथें कागदाचीच साक्ष घ्यावी लागते.

मराठवाड्यांत या कागदाचें जुनें घर म्हणजे दौलताबादेजवळचा कागजीपुरा. महंमद तुघलकानें १३२७ च्या सुमारास राजधानी देवगिरीस नेली. तिच्यामागून आलेल्या कागदी घराण्यांनीं हा धंदा येथें मांडला, अशी परंपरा आहे. सण-अंबाडीचे जुने दोर, गोणपाट व चिंध्या चुन्यांत मुरवून, पायानें चालणाऱ्या मोठ्या मुसळाखालीं कुटून, वाहत्या पाण्यांत धुवून लगदा करीत. अंबाडी तर नांदेड-लातूरच्या शेतांतलें ओळखीचें पीक. मोटेचा झिजलेला दोर काय आणि कुळकर्ण्याचें दप्तर काय, दोन्ही अखेर वाखच! लगदा हौदांत कालवून गवती काड्यांच्या, घोड्याच्या केसांनीं बांधलेल्या साच्यावर उचलावा. ओला ताव चुन्याच्या गुळगुळीत भिंतीवर वाळवावा. मग खळ देऊन गोट्यानें घोटावा.

असा ताव उजेडासमोर धरिला असतां काड्यांच्या दाट रेघा, व त्यांस छेदणाऱ्या केसांच्या विरळ, किंचित् वांकड्या रेघा दिसतात. जलचिन्ह दिसल्यास कागद बहुधा विलायती. १७९४ नंतरच्या इंग्रजी कागदांत पुष्कळदां सालहि असतें. सनदेवर जुना शक व कागदांत त्याच्या पुढचें साल निघालें, तर ती सनद अस्सल नव्हे. नक्कल किंवा बनावट होय.

चुन्याचा अंश राहिल्यानें हा कागद टिकला. तुरटी-राळेची खळ दिलेला गिरणीचा कागद स्वतःच्याच आम्लानें तुटतो. देशी खळीस कसर लागते, म्हणून पोथ्यांस हरताळ देत. हरताळ विषारी, पिवळीं पानें चाळतांना बोट जिभेस लावूं नये.

गिरणीपुढें हा धंदा खचला. पुण्यास १९४० सालीं हातकागदाची संस्था निघाली. तथापि हल्लींचा हातकागद बहुधा कापसाच्या चिंध्यांचा व यंत्रानें कुटलेला असतो. फाटक्या पोथीस जोड द्यावयाचा तर जुन्या जातीचा पातळ ताव व गव्हाच्या पिठाची खळच हवी. चिकटपट्टी पोथीचा घात करते. संग्राहकांनीं असे ताव कागदी घराण्यांकडून मुद्दाम करवून घ्यावे, आणि साचा, गोटा व धंद्यांतले शब्द यांची नोंद आपल्या दप्तराच्या यादीसच जोडावी.